अमेरिकी सिटकॉमचा लेखक ‘निर्माता’ कसा होतो: पहिल्या पायलटपासून शोरनरच्या खुर्चीपर्यंत

अमेरिकी सिटकॉमच्या श्रेयनामावलीत ‘प्रोड्यूसर’ हा शब्द इतक्या वेळा येतो, की बावीस मिनिटांच्या कार्यक्रमाला एवढे निर्माते लागतात तरी कशाला, असा प्रश्न पडावा. त्यातल्या बऱ्याच जणांनी खिशातून एक डॉलरही घातलेला नसतो. ते लेखक असतात. चित्रपटात लेखक पटकथा देऊन मोकळा होतो आणि पुढचा खेळ दिग्दर्शकाचा. अमेरिकी टीव्हीवर उलटं आहे. तिथे दिग्दर्शक दर आठवड्याला बदलू शकतो, लेखक मात्र मुक्कामाला असतात आणि त्यांना बढती मिळते ती निर्मात्याच्या हुद्द्यांनी.

म्हणून ‘आधी लेखक होईन, मग जमलं तर निर्मितीत शिरेन’ असा दोन टप्प्यांचा विचार इथे चालत नाही. वाट एकच आहे आणि ती चढायला लागणारी कसोटीही सगळीकडे एकच: स्वतः लिहिलेलं काढून टाकून पुन्हा लिहिता येणं. गमतीदार वाक्य सुचणारे पुष्कळ असतात. तेच वाक्य मंगळवारी रात्री दहा वाजता कुरकुर न करता खोडणारे कमी.

हुद्द्यांची शिडी

सगळ्यात खाली स्टाफ रायटर. मग स्टोरी एडिटर, एक्झिक्युटिव्ह स्टोरी एडिटर, को-प्रोड्यूसर, प्रोड्यूसर, सुपरवायझिंग प्रोड्यूसर, को-एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर आणि सगळ्यात वर एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर. शेवटच्या हुद्द्यावर एकाच शोमध्ये अनेक जण असू शकतात: स्टुडिओशी करार असलेली निर्मितीसंस्था, मुख्य नट, पायलटचा, म्हणजे शोच्या पहिल्या नमुना भागाचा, दिग्दर्शक. त्यातला जो रोजचा अंतिम शब्द देतो तो शोरनर. गंमत म्हणजे ‘शोरनर’ हे श्रेय पडद्यावर कधी येतच नाही. ‘प्रोड्यूस्ड बाय’ असं नाव दिसलं तर ते बहुतेक वेळा लाइन प्रोड्यूसरचं असतं, म्हणजे बजेट, वेळापत्रक आणि माणसांची जमवाजमव सांभाळणाऱ्याचं. तो लेखक नसतो.

एका सीझनला एक पायरी, असा साधारण हिशोब पूर्वी धरता येत असे. सीझन बावीस भागांचे होते तेव्हा लेखकाला कामही वर्षातले बरेच महिने मिळायचं. स्ट्रीमिंगवर आठ-दहा भागांचे सीझन आले, रूम, म्हणजे लेखकांनी एकत्र बसून भाग रचायचं काम, थोड्या आठवड्यांत आटोपू लागली आणि चित्रीकरण सुरू व्हायच्या आधीच लेखकांना घरी पाठवण्याची पद्धत पडली. हुद्दा वाढला, पण सेटवर कधी उभंच राहिले नाहीत, असे लेखक त्यातून तयार झाले. २ मे ते २७ सप्टेंबर २०२३ हा १४८ दिवसांचा लेखकांचा संप ज्या कारणांनी झाला त्यात हे एक ठळक कारण होतं.

ब्रिटिश पद्धत वेगळी आहे, ती डोक्यात घेऊन अमेरिकेत जाऊ नका. ‘फॉल्टी टॉवर्स’चे १९७५ आणि १९७९ मिळून अवघे बारा भाग, सगळे जॉन क्लीझ आणि कॉनी बूथ या दोघांनीच लिहिलेले. अमेरिकी नेटवर्कला एका वर्षात बावीस भाग हवे असत. ते दोन माणसांकडून होत नाहीत, म्हणून तिथे रायटर्स रूम.

बघणं पुरेसं नाही, उसवा

आवडत्या सिटकॉमचा एक भाग घ्या आणि प्रत्येक सीनसाठी चार गोष्टी लिहून काढा: कोणाला काय हवं आहे, आडवं कोण येतंय, सीन संपताना परिस्थिती कशी बदलली आणि किती मिनिटं गेली. जोक लिहून घेऊ नका. चांगल्या भागाचा जोक वगळलेला सांगाडासुद्धा वाचताना पुढे काय होतं याची उत्सुकता राहते. मुख्य कथानक, दुय्यम कथानक आणि मधूनमधून डोकावणारी बारकी गंमत, म्हणजे ‘रनर’, यांना तीन रंग द्या. शीर्षकाआधीचा छोटा सीन, म्हणजे कोल्ड ओपन, आणि गोष्ट संपल्यावरचा छोटा सीन, म्हणजे टॅग, वेगळे काढा. एकाच शोचे पाच-सहा भाग असे उसवले की त्या शोची शिवण दिसू लागते. मग एखादा पडलेला भाग घ्या. फसलेल्या भागातून जास्त शिकायला मिळतं, कारण त्यात टाके उघडे असतात.

नमुन्याचा पायलट

नोकरी मिळते ती नमुन्यावर. पूर्वी चालू असलेल्या एखाद्या शोचा काल्पनिक भाग लिहीत, त्याला स्पेक म्हणतात. काही शिष्यवृत्ती अजून तो मागतात, पण एजंट आणि शोरनर आता बहुधा स्वतःचा मूळ पायलट वाचायला मागतात.

आधी जात ठरवा. प्रेक्षकांसमोर तीन-चार कॅमेऱ्यांनी चित्रित होणारी मल्टिकॅम की चित्रपटासारखी सिंगल कॅमेरा? दोन्हींची पटकथा कागदावरही वेगळी दिसते. मल्टिकॅममध्ये संवाद दुहेरी अंतराने टाइप करतात आणि कृतीचं वर्णन कॅपिटल अक्षरांत, त्यामुळे ती साधारण ४५ ते ५० पानांची होते. सिंगल कॅमेरा तीस-पस्तीस पानांत संपते. मल्टिकॅममध्ये सेट थोडे आणि सीन लांब, कारण माणसांची ये-जा दारातून व्हायची असते. सिंगल कॅमेऱ्यात तीन सेकंदांचा सीनही चालतो. हा फरक न पाळता पाठवलेली पटकथा पहिल्या पानावरच नवखी ठरते.

आता एक उदाहरण घेऊ. एका फोटो स्टुडिओचे मालक भाऊ-बहीण आहेत. भावाला कोणाला ‘नाही’ म्हणता येत नाही. बहिणीला कोणाकडे पैसे मागता येत नाहीत. येणारं प्रत्येक गिऱ्हाईक या दोन्ही दुखण्यांवर बोट ठेवू शकतं, म्हणजे शंभर भागांचं इंधन आहे. ‘एक विनोदी फोटो स्टुडिओ’ एवढंच असतं तर तिसऱ्या भागात संपलं असतं. सिटकॉम धंद्यावर चालत नाही, सुधारता न येणाऱ्या स्वभावावर चालते.

भागाची गोष्ट अशी. घटस्फोट झालेला एक गृहस्थ लग्नाचा जुना कागदी फोटो आणतो: यातून बायकोला काढा. भाऊ हो म्हणतो. दुसऱ्या दिवशी तीच बाई आपल्याकडची प्रत आणते: यातून नवऱ्याला काढा. भाऊ तिलाही हो म्हणतो. इथपर्यंत गंमत आहे, गोष्ट नाही. गोष्ट तेव्हा होते, जेव्हा भावाच्या स्वभावामुळे गुंता वाढतो. दोघंही एकमेकांची चौकशी करतात आणि समोरच्याला वाईट वाटू नये म्हणून तो दोघांनाही सांगतो, की ‘ते तुमच्याबद्दल चांगलं बोलत होते’. मध्यंतराच्या वळणावर दोघं हातात हात घालून दुकानात येतात. समेट झालाय, फोटो होता तसा परत हवाय. भावाने दोन्ही प्रती कापून ठेवल्या आहेत. शेवटी तो एका प्रतीतला नवरा आणि दुसरीतली बायको जोडून देतो, मधोमध उभी चीर दिसतेय. आणि बहिणीला पहिल्यांदाच बिल सांगायचं आहे: दोनदा कापण्याचं आणि एकदा जोडण्याचं. दुय्यम कथानक इथे मुख्य कथानकाला येऊन मिळतं. असं आपोआप होत नाही, त्यासाठी शेवट आधी ठरवून मागे यावं लागतं.

आता त्यातला एक जोक जवळून बघू. गृहस्थ स्वतःचा एकट्याचा फोटो बघून विचारतो, “एकटाच उभा राहून मी एवढा हसतोय कशाला?” पहिल्या खर्ड्यात बहीण म्हणते, “पुढचं माहीत नव्हतं म्हणून.” हशा येईल. पण हे वाक्य कुठल्याही शोमधलं कोणीही म्हणू शकतं, म्हणून खोडा. दुसऱ्या खर्ड्यात भाऊ म्हणतो, “हवं तर हसू थोडं कमी करून देतो.” हे फक्त तोच म्हणेल, कारण त्याला नाही म्हणता येत नाही. आणि तिसऱ्या खर्ड्यात लगेच बहीण: “त्याचे वेगळे...” गिऱ्हाइकाची नजर तिच्याकडे वळते. “...लागत नाहीत.” आता दोन्ही स्वभाव तीन वाक्यांत आले आणि दोन नटांना खेळायला जागा मिळाली. पहिला जोक वाईट नव्हता, तो या शोचा नव्हता एवढंच. रूममध्ये दिवसभर याच फरकावर घासाघीस चालते.

पायलटचे खर्डे कोणाकडून तरी मोठ्याने वाचून घ्या. स्वतः वाचू नका. आपण नकळत अभिनय करून कच्चं वाक्य झाकतो. आणि दुसरा पायलट सुरू केल्याशिवाय पहिला कोणाला दाखवू नका. वाचणाऱ्याला आवडला, तर त्याचा पुढचा प्रश्न ‘आणखी काय आहे’ हाच असतो.

आत शिरायचं दार

सरळ दार असं नाही. तीन-चार बाजूची दारं आहेत.

एक, रूममधली मदतनिसाची नोकरी. रायटर्स पीए जेवणं मागवतो आणि कागद पोचवतो. रायटर्स असिस्टंट रूममध्ये बसून बोललं गेलेलं सगळं टिपतो. स्क्रिप्ट कोऑर्डिनेटर प्रत्येक खर्डा तपासून, बदललेली पानं वेगळ्या रंगाची करून सगळ्यांकडे पाठवतो. पगार तुटपुंजा आणि तास लांब, तरी शिकायला याच्यासारखी जागा नाही. कोणाचा विचार फळ्यावर टिकतो आणि कोणाचा का पुसला जातो, हे रोज समोर दिसतं. टिपण घेताना गाळणी लावायची असते: फाटा मारून गेलेली वीस मिनिटं एका ओळीत, मान्य झालेला जोक मात्र अक्षरशः. रूममधलं बोलणं कधी अत्यंत आंबट असतं हेही माहीत असू द्या. ‘फ्रेंड्स’च्या रूममधल्या अशा बोलण्यावरून एका असिस्टंटने केलेला दावा २००६ साली कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि विनोदी शोच्या निर्मितीचा संदर्भ लक्षात घेऊन न्यायालयाने तो फेटाळला. त्यानंतरच्या वर्षांत वातावरण बरंच बदललं आहे, पण पहिल्याच दिवशी सभ्यतेची कल्पना कोणावर लादू नका आणि स्वतःची सोडूही नका.

दोन, स्टुडिओ आणि नेटवर्कच्या शिष्यवृत्ती. नियम दरवर्षी बदलतात, अर्ज भरण्याआधी चालू वर्षाचेच वाचा.

तीन, रंगमंच. १९५९ साली शिकागोत सुरू झालेल्या सेकंड सिटीसारख्या इम्प्रोव्ह, म्हणजे आयत्या वेळी सुचेल तसा प्रयोग करणाऱ्या, मंडळींतून लेखकांच्या पिढ्या बाहेर पडल्या आहेत. समोरचा प्रेक्षक हसला नाही तर त्याच क्षणी कळतं, हा धडा कागदावर मिळत नाही.

चार, स्वतः करून दाखवणं. इसा रे हिने २०११ साली यूट्यूबवर वेब मालिका सुरू केली आणि २०१६ मध्ये तिचा ‘इनसिक्योर’ एचबीओवर आला. क्विंटा ब्रन्सनही इंटरनेटवरच्या छोट्या व्हिडिओंतून पुढे आली. तिचा ‘अ‍ॅबट एलिमेंटरी’ डिसेंबर २०२१ मध्ये एबीसीवर सुरू झाला आणि २०२२ मध्ये विनोदी मालिकेच्या लेखनाचं एमी पारितोषिक तिला मिळालं.

एजंट शोधत फिरण्यात पहिली वर्षं घालवू नका. एजंट दहा टक्के घेतो, मॅनेजरही बहुधा तेवढेच आणि वकील साधारण पाच टक्के. दाखवण्यासारखं काम असेल तर ते येतात. नसेल तर आले तरी उपयोग नाही. अमेरिकेबाहेरून जाणाऱ्याला कामाच्या परवानगीचा प्रश्न आधी सोडवावा लागतो. कलावंत वापरतात तो ओ-१ व्हिसा आधीच नाव कमावलेल्यांसाठी आहे, नवशिक्यासाठी नाही.

रूममध्ये

काम असं चालतं. आधी सीझनभराच्या गोष्टींचा अंदाज. मग एकेका भागाची गोष्ट सगळे मिळून फोडतात, सीनवार फळ्यावर किंवा कार्डांवर मांडतात. मग एका लेखकाला तो भाग दिला जातो. तो आराखडा लिहितो, त्यावर स्टुडिओ आणि नेटवर्कच्या नोट्स, म्हणजे बदलांच्या सूचना, येतात, मग तो पटकथा लिहून आणतो. आणि मग रूम ती पुन्हा लिहिते. तुमच्या नावाच्या भागात तुमची निम्मी वाक्यंही उरत नाहीत, असं कित्येकदा होतं. नाव तरी तुमचंच राहतं. दुसऱ्याच्या भागात तुमचे जोक असतातच, हिशोब बरोबरीत सुटतो.

नव्या लेखकाने पाळायच्या काही गोष्टी. ‘हे चालत नाही’ एवढंच बोलून थांबू नका, बदली काहीतरी द्या. अजून नीट सुचलं नसेल तर ‘याची वाईट आवृत्ती अशी’ म्हणून सांगा. रूममध्ये ही रीतच आहे, आणि त्या वाईट आवृत्तीवरून दुसऱ्याला चांगली सुचते. शोरनरने एकदा नाकारलेला जोक पुन्हा मांडू नका. तुमचा जोक कोणी दुसऱ्याने सुधारून मांडला तर ‘तो माझा’ म्हणू नका. शोरनरला कोणाचा होता ते माहीत असतं. आणि दिवसभर गप्प राहू नका. सुरुवातीला गप्प राहणं समजून घेतात, पण सीझन संपताना हुद्दा वाढवायचा की निरोप द्यायचा हे ठरवताना गप्प माणसाच्या बाजूने कोणाकडे सांगण्यासारखं काही नसतं.

मल्टिकॅमचा आठवडा पाच कामाच्या दिवसांचा. पहिल्या दिवशी टेबल रीड: नट टेबलाभोवती बसून वाचतात, लेखक पानाच्या कडेला हसू आलं तिथे खूण करतात. त्या रात्री पुनर्लेखन. पुढचे दोन दिवस तालीम, संध्याकाळी रन-थ्रू, पुन्हा पुनर्लेखन. चौथ्या दिवशी कॅमेऱ्यांच्या जागा. पाचव्या दिवशी प्रेक्षक. प्रेक्षकांसमोर एखादा जोक पडला तर लेखक तिथेच घोळका करून दुसरा शोधतात, नटाच्या कानात सांगतात आणि सीन पुन्हा होतो. इथे अनुभवी लेखकाचं पाणी दिसतं: तो बहुधा जोक बदलत नाही, दोन वाक्यं मागे जाऊन सेटअप, म्हणजे जोकची पूर्वतयारी, दुरुस्त करतो. न हसलेल्या प्रेक्षकाला बऱ्याचदा माहिती कमी पडलेली असते.

सगळ्याच रूम अशा नसतात. ‘साइनफेल्ड’मध्ये पारंपरिक रूम नव्हती. लेखक आपापली कथानकं घेऊन शोरनर लॅरी डेव्हिडकडे जात. कुठल्या पद्धतीचा शो आहे, हे मुलाखतीलाच विचारून घ्या.

पैसे, श्रेय, संघटना

थोडक्यात सांगतो. मोठ्या स्टुडिओंचं काम रायटर्स गिल्ड या लेखकांच्या संघटनेच्या करारानुसार होतं. किमान मोबदला, श्रेय आणि पुनःप्रक्षेपणाचा वाटा त्यातच ठरतो. हा वाटा, म्हणजे रेसिड्यूअल, गिल्डच्या हिरव्या पाकिटांतून येतो आणि काम नसलेल्या वर्षी तोच तारतो. २०२३ च्या करारानंतर स्टाफ रायटरलाही आठवड्याच्या पगाराशिवाय लिहिलेल्या भागाचं वेगळं मानधन मिळू लागलं, सीझनच्या लांबीप्रमाणे रूममध्ये किमान किती लेखक हवेत हे ठरलं आणि एआयने लिहिलेला मजकूर लेखकाच्या साहित्याची जागा घेणार नाही हेही. पाठवण्याआधी पटकथेची कॉपीराइट नोंदणी करून ठेवा. कल्पनेला संरक्षण नसतं, लिहिलेल्या पानांना असतं.

निर्मात्याचं डोकं

को-प्रोड्यूसरच्या आसपास पोचलात की तुमच्याकडून वेगळ्या प्रश्नांची उत्तरं अपेक्षित असतात. भागासाठी नवे सेट किती? त्या एका भागापुरते उभारलेल्या सेटला स्विंग सेट म्हणतात आणि प्रत्येकाला पैसे पडतात. पाहुणे नट किती? लहान मुलं आहेत का, कारण त्यांचे कामाचे तास कायद्याने बांधलेले असतात. आपल्या फोटो स्टुडिओच्या भागात कोणी लग्नाचा फ्लॅशबॅक सुचवेल: मांडव, पाहुणे, कपडे. निर्माता-लेखक म्हणेल, लग्न दाखवायचंच कशाला, हातातला फोटो आहे ना. हे काटकसरीचं उत्तर आहे आणि जास्त विनोदीही, कारण प्रेक्षक लग्नाऐवजी भावाची कात्री बघतो. बजेट संपत आलं की एकाच सेटवर अख्खा भाग उरकतात, त्याला बॉटल एपिसोड म्हणतात, आणि असे भाग पुष्कळदा सीझनमधले सर्वोत्तम निघतात.

तुमच्या भागाच्या चित्रीकरणाला सेटवर थांबा, परवानगी मागून एडिटलाही बसा. सिंगल कॅमेऱ्यात समोर प्रेक्षक नसतात, त्यामुळे हशाचा अंदाज एडिटच्या टेबलावरच घ्यायचा असतो. पटकथेत हसवणारं वाक्य नटाच्या एका नजरेने अनावश्यक ठरलेलं तिथे दिसतं. ते स्वतःहून कापा म्हणायची सवय लागली की शोरनर तुम्हाला पुढच्या एडिटला बोलावतो.

नेटवर्कच्या नोट्सवर भांडणारे लेखक शूर वाटतात, पण पुढे जात नाहीत. अधिकाऱ्याने सुचवलेला उपाय बहुधा चुकीचा असतो, त्याने बोट ठेवलेली जागा मात्र बहुधा बरोबर. उपाय सोडा, जागा घ्या.

मालकीचा विचार करायला ‘आय लव्ह लूसी’कडे जावं लागतं. १९५१ मध्ये सीबीएस या नेटवर्कला कार्यक्रम न्यूयॉर्कमधून थेट हवा होता. त्यात काम करणारं जोडपं, लुसिल बॉल आणि डेझी अर्नाझ, यांना लॉस एंजेलिस सोडायचं नव्हतं. त्यांनी प्रेक्षकांसमोर तीन कॅमेऱ्यांनी फिल्मवर चित्रीकरण करायचं ठरवलं, वाढीव खर्चापोटी मानधन कमी घेतलं आणि बदल्यात फिल्मची मालकी आपल्याकडे ठेवली. पुनःप्रक्षेपणाचा धंदा पुढे उभा राहिला तेव्हा त्या मालकीची किंमत सगळ्यांना कळली. करारात मानधनाच्या आकड्याइतकंच ‘क्रिएटेड बाय’, म्हणजे शोच्या जनकाचं श्रेय, आणि नफ्यातला हिस्सा ही कलमं वकिलाकडून वाचून घ्या.

स्वतःचा शो

पिच, म्हणजे शोची कल्पना विकण्यासाठीची मांडणी, तोंडी असते, पंधरा-वीस मिनिटांची. माणसं कोण, त्यांचा एकमेकांशी न सुटणारा तिढा कोणता, हा शो तुम्हीच का लिहायचा, पायलटची गोष्ट आणि पुढच्या पाच-सहा भागांच्या एकेका ओळीच्या कल्पना. ऐकणारा हसला पाहिजे, पण बाहेर पडल्यावर त्याला साहेबांना दोन वाक्यांत सांगताही आलं पाहिजे.

मायकेल शूर यांची वाट इथे बघण्यासारखी आहे. ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’मधलं लेखन, मग ग्रेग डॅनियल्स यांच्या ‘द ऑफिस’च्या रूममध्ये लेखक-निर्माता, मग २००९ मध्ये डॅनियल्स यांच्याच सोबतीने ‘पार्क्स अँड रिक्रिएशन’, २०१३ मध्ये डॅन गूर यांच्यासोबत ‘ब्रुकलिन नाइन-नाइन’ आणि २०१६ मध्ये एकट्याने निर्मिलेला ‘द गुड प्लेस’. ज्याच्या हाताखाली शिकले त्याच्यासोबतच पहिला शो. पहिल्यांदा शो निर्माण करणाऱ्याला स्टुडिओ बहुधा अनुभवी शोरनरची जोड देतो. ब्रन्सनसोबतही जस्टिन हॅल्पर्न आणि पॅट्रिक शूमाकर आहेत. हा अपमान मानू नका. एकाच दिवशी एक भाग लिहिला जातोय, दुसरा चित्रित होतोय, तिसरा एडिटमध्ये आहे आणि चौथ्यावर नेटवर्कचा फोन वाजतोय, अशा वेळी दुसरा निर्णय घेणारा माणूस लागतोच.

शो बंद पडणं या धंद्यात नित्याचं आहे. ‘ब्रुकलिन नाइन-नाइन’ फॉक्सने मे २०१८ मध्ये बंद केला आणि दुसऱ्याच दिवशी एनबीसीने घेतला; तसं नशीब क्वचित. बाकीच्यांनी खुर्च्या आवरायच्या. बंद शोवर मिळालेला हुद्दा मात्र तुमच्यासोबत येतो, एजंट पुढची बोलणी तिथूनच सुरू करतो. नमुना म्हणून जुनाच पायलट पाठवू नका. सीझन चालू असतानाच, रविवारी सकाळी का होईना, नवा लिहून ठेवा.